शैलाचं मार्मालेड

शैलाच्या नवऱ्याचा, भाऊजींचा फोन आला तेव्हा मी शाळेत निघाले होते. “ताई, शैला गेली… चहा ठेवता ठेवता गेली.” बाकीचं काही ऐकूच आलं नाही. बदनापूरला आम्ही दोघींनी बावीस वर्षं एका शाळेत शिकवलं. ती विज्ञान, मी मराठी. खोड्या काढायला मला तिच्याइतकं हक्काचं माणूस दुसरं नव्हतं.

तिला प्रश्न पडायचे. एका लग्नाला हॉटेलात उतरलो, तर नाश्त्याच्या टेबलावरची संत्र्याच्या सालीच्या जॅमची, म्हणजे मार्मालेडची पुडी तिने पर्समध्ये टाकली. “ही लोकं साल खातेत, आन् आपल्याकडं मोसंबीचे एवढे बाग असून साल म्हशीला! का बरं?” झालं, त्या हिवाळ्यापासून मोसंबी आणि गाजराचं मार्मालेड सुरू झालं. साल दोऱ्याएवढी बारीक चिरायची, दोनदा उकळून पाणी फेकायचं, मग गर, किसलेलं गाजर, साखर, लिंबू. वास असा सुटायचा की शेजारीपाजारी डोकावून जात. आणि बरणीत उरायचा नुसता पाक! भाऊजी हसत, “तुमच्या मैत्रिणीनं आज पुन्हा सरबत केलं.” ती मात्र भांडं पुढ्यात घेऊन बसे… “जमून का न्हाई राह्यलं?”

दोन हिवाळे असेच गेले. मोसंबी चिरली की आधी बिया काढून टाकायच्या, नाहीतर रस कडू होतो, हे आमच्या भागात पोरासोरांनाही ठाऊक. शैलाही इमानेइतबारे तेच करत होती. पाक धरून ठेवणारा चिकटपणा त्या बियांतच असतो, हे कुठेतरी वाचलं तेव्हा तिने कपाळावर हात मारला. “आन् मी विज्ञान शिकवते!” मग बिया फडक्यात बांधून पातेल्यात सोडायला लागली. पाक दाट झाला, पण गाजर घातलं की पुन्हा पाणी सुटायचं. मी म्हटलं, गाजर सोड ना. तर म्हणाली, “मंग त्यात माझं काय राह्यलं?” मला तिचा हेवा वाटायचा, आजही वाटतो.

महिन्याने मी तिच्या घरी गेले. भाऊजींनी मला स्वयंपाकघरात नेलं. फळीवर चार बरण्या होत्या. “आदल्या दिवशी भरल्यात. सकाळी बघू म्हणली होती. मला धीर होईना, ताई. पातळ निघालं तर…”

मी एक बरणी उचलली, तिरपी केली, मग पार उलटी केली. साली आणि गाजराचा कीस जागच्या जागी. काही हललं नाही.

“जमलं?”

“जमलं, भाऊजी.”

ते दोन चमचे घेऊन आले. आम्ही ओट्याशी उभ्यानेच खाल्लं. थोडं कडू, पण छान. “बिया जास्ती टाकल्या असतील,” ते म्हणाले. मी म्हटलं, लिंबू वाढवलं असेल. गाजर आधी वाफवलं असेल. दोघांनाही बिलकुल पत्ता लागेना. इतकी वर्षं नुसती थट्टा करणारा तो माणूस चमचा हातात धरून रिकाम्या शेगडीकडे बघत राहिला आणि हळूच म्हणाला, “शैला, या बारीला काय केलं व्हतं गं?”