मानपाड्याचे मेजर

विमलाबाईंना कुणी फसवू शकत नाही, हे मानपाड्याच्या त्या चाळीत सगळ्यांना मान्य होतं, आणि सगळ्यांत आधी विमलाबाईंना. भाजीवाल्यानं ताजी म्हणून दिलेल्या मेथीची जुडी त्या तिथंच सोडून आतली पानं बघत. दुधाचा थेंब नखावर घेऊन पारखत. गॅसवाल्यानं सिलिंडरचं वजन करून दाखवल्याशिवाय त्याला पायरी उतरू देत नसत. चाळीचे मालक काळुराम इथल्याच आगरी गावातले. ते म्हणायचे, "या वैनीच्या दारात देव जरी आयला ना, तरी ती पयला आधार कार्ड मागंल."

विमलाबाईंना हे ऐकून बरं वाटायचं. जगाला आपला धाक आहे, याचं सुख काही वेगळंच असतं.

त्यांचे यजमान महिपतराव याच्या उलट. कुणी काही सांगितलं की मान हलवायची, कुणी काही मागितलं की द्यायचं, आणि स्वतःबद्दल म्हणून एक अक्षर बोलायचं नाही. ते मूळचे पाटणच्या बाजूचे. तिकडं ज्या घरातलं कुणी मिलिटरीत नाही असं घर शोधायला दिवा घेऊन फिरावं लागतं. विमलाबाईंच्या मामांनी स्थळ आणलं तेव्हा एकच वाक्य सांगितलं होतं, "मुलगा मिलिटरीत आहे." मग बाकीच्यांनी काही विचारलं नाही. शेती किती, घर कसं, सासू कशी, हे सगळं त्या एका वाक्याखाली दबलं. लग्नानंतर महिपतराव वर्षातून एकदा रजेवर येत. अंगात हिरवी वर्दी, हातात नाव रंगवलेली काळी ट्रंक, थंडीनं फुटलेले ओठ. गल्लीतली पोरं मागे धावत, आणि विमलाबाई उगाचच दारात उभ्या राहून कुणाला तरी हाका मारत.

नोकरी संपवून ते डोंबिवलीला, मानपाड्यात आले आणि एमआयडीसीतल्या एका कंपनीत स्टोअरमध्ये लागले. विमलाबाईंच्या गावाकडं माणूस शिपाई असो नाहीतर सुभेदार, रजेवर आला की तो 'मेजर'. हा शब्द विमलाबाईंनी चाळीत आणला. काळुरामांनी उचलला. वर्षभरात रिक्षावाले, किराणावाला, कंपनीतला साहेबसुद्धा मेजर म्हणायला लागला. महिपतराव नुसते मान हलवायचे.

लेक ऐश्वर्या बारावी झाली आणि तिच्या डोक्यात फॉरेन्सिकचं वेड शिरलं. गुन्ह्याच्या जागी सापडलेल्या केसावरून माणूस ओळखायचा, असलं काहीतरी. विमलाबाईंना हे शिक्षण एकदम पसंत पडलं. संशय घ्यायचा पगार मिळतो हे त्यांना तोवर माहीतच नव्हतं. पण फी त्यांच्या आवाक्याबाहेरची होती. मुलींच्या फीची जी सरकारी माफी होती, ती या कोर्सला लागू होत नव्हती. मग ऐश्वर्याच्या मैत्रिणीनं सांगितलं, की माजी सैनिकांच्या मुलांना जागा राखीव असते आणि फीतही सवलत असते. ठाण्याला सैनिक कल्याणचं ऑफिस आहे, तिथून दाखला आणायचा.

"पप्पा, तुम्ही तर मिलिटरीवाले. आपलं काम झालंच समजा," ऐश्वर्या म्हणाली.

महिपतराव जेवत होते. त्यांनी भाकरीचा तुकडा आमटीत बुडवला तो बुडवूनच ठेवला. म्हणाले, "बघू."

दुसऱ्या दिवशीही बघू. रविवारी ऑफिस बंद असतं म्हणून बघू, सोमवारी कंपनीत माल येणार म्हणून बघू. ॲडमिशनची तारीख जवळ येत चालली आणि विमलाबाईंच्या मनात पाल चुकचुकली.

एकदा संशय आला की विमलाबाई तो अर्धवट सोडत नसत. त्यांनी मागचं सगळं उकरायला घेतलं. हा माणूस माजी सैनिकांच्या एकाही मेळाव्याला गेला नाही. काळुरामांच्या ओळखीनं सिक्युरिटीत चांगली नोकरी मिळत होती, त्यांना मिलिटरीतलाच माणूस हवा होता, तर यानं नको म्हटलं आणि स्टोअरमध्ये खिळे मोजत बसला. आणि ते फोन. दरवर्षी थंडीत कधीतरी एक फोन यायचा. महिपतराव मोबाइल घेऊन गॅलरीच्या टोकाला जायचे आणि कुठल्याशा डोंगराकडच्या भाषेत बोलायचे. बायकोला एक शब्द कळत नसे, फक्त मधूनमधून येणारा 'दिदी' कळायचा. आणि बोलताना हा माणूस हसायचा. घरात कधी न हसणारा माणूस तिकडं तोंड करून हसायचा.

एवढे दिवस विमलाबाईंनी त्या दिदीला मनाच्या कोपऱ्यात बसवून ठेवलं होतं. आता ती उठून उभी राहिली. वर्षातले अकरा महिने हा तिकडं. तिकडं कोण बघायला गेलंय? सरकारकडं कुटुंबाची नोंद असणारच. त्या नोंदीत बायको म्हणून आपलं नाव नसलं तर? पोरगी म्हणून आपली पोरगी नसली तर? म्हणून तर हा ठाण्याला जात नाही.

त्या रात्रभर कुशीवर वळत राहिल्या. सकाळी महिपतराव कंपनीत गेल्यावर ऐश्वर्याला म्हणाल्या, "चल. आपणच जाऊ."

"पप्पांना न सांगता?"

"पप्पांना सांगूनच तर इथवर आलोय."

ठाण्याला उतरून विचारत विचारत दोघी त्या ऑफिसात पोचल्या. टेबलामागे उत्तम म्हणून एक गृहस्थ होते, ताठ बसलेले, मिशी नीट कातरलेली. स्वतःही फौजेतून आलेले असावेत, कारण त्यांनी दोघींना आधी पाणी दिलं, मग विचारायला सुरुवात केली.

"कुठली रेजिमेंट, ताई?"

"मिलिटरी," विमलाबाई म्हणाल्या.

"हो, पण पलटण कुठली? मराठा, तोफखाना, सिग्नल?"

विमलाबाईंनी लेकीकडं पाहिलं. लेकीनं त्यांच्याकडं पाहिलं. एवढी वर्षं संसार करून हे कधी विचारलं नव्हतं, हे दोघींना एकदमच कळलं.

"बरं, हुद्दा?"

इथं मात्र विमलाबाई सावरल्या. "मेजर."

उत्तमरावांची मिशी थोडी हलली. पण ते हसले नाहीत, हे त्यांचे उपकार. "ताई, गावाला गेलो की मलापण मेजरच म्हणतात. मी साधा नाईक होऊन बाहेर पडलो. तुम्ही असं करा, साहेबांना फोन लावा. मीच बोलतो."

ऐश्वर्यानं फोन लावून दिला. उत्तमराव फौजी सवयीनं हिंदीत बोलायला लागले. "राम राम साहेब... हां जी... कौन सा प्रोजेक्ट?... अच्छा, उधर थे आप?" त्यांचा आवाज हळूहळू बदलला. जवळच्या माणसाशी बोलतात तसा झाला. विमलाबाई त्यांच्या तोंडाकडं एकटक पाहत होत्या.  फोन ठेवून उत्तमरावांनी चष्मा काढला.

"ताई, साहेब ग्रेफमध्ये होते. सीमेवरचे रस्ते बांधतात ना, ते दल. वर्दी असते, शिस्त फौजेची असते, काम तर फौजेच्या पुढं जाऊन करतात. ते रस्ता करतात तेव्हा आमची गाडी वर जाते. पण आमच्याकडं माजी सैनिक म्हणून त्यांची नोंद होत नाही. हा दाखला त्यांना मिळणार नाही."

"आणि ती बाई?" विमलाबाईंनी विचारलं.

"कुठली बाई?"

"दुसरी. नोंदीतली."

"मम्मी," ऐश्वर्या दबक्या आवाजात म्हणाली आणि तिनं ओढणीत तोंड लपवलं.

उत्तमराव बिचारे गोंधळून एकदा आईकडं, एकदा लेकीकडं बघत राहिले. नोंदच नाही, म्हणजे नोंदीतली दुसरी बाईही नाही, हे कळल्यावर विमलाबाईंना इतकं हलकं वाटलं, की क्षणभर त्या बाकी सगळं विसरल्या. उरलेलं त्यांना बाहेर रस्त्यावर आल्यावर कळलं. जागा गेली, सवलत गेली. आणि चाळीला काय सांगायचं? मग राग आला. असा तसा नाही, तळपायाची आग मस्तकात गेली. त्याच तिरमिरीत त्यांनी घर गाठलं.

महिपतराव घरीच होते. अर्धी सुट्टी टाकून आले होते. कॉटच्या कडेला बसले होते, पायातले बूटही काढले नव्हते.

"फसवलंत मला," विमलाबाईंनी पिशवी खाली टाकली. "एवढी वर्षं मिलिटरी मिलिटरी म्हणून माझ्या डोळ्यांत धूळ टाकलीत."

महिपतरावांनी मान वर केली. "विमल, मी कधी म्हटलं गं?"

"म्हणजे?"

"मी मिलिटरीत आहे, असं मी तुला कधी म्हटलं? एकदा तरी?"

 कुठल्या वाण्यानं कधी किती तूरडाळ कमी दिली, हे विमलाबाईंना वर्षानुवर्षं पाठ असायचं. त्यांनी डोक्यात शोधशोध केली. मामा म्हणाले होते. सासू म्हणाली होती. गल्ली म्हणाली होती, काळुराम म्हणाले होते, आणि या सगळ्यांपेक्षा जास्त वेळा त्या स्वतः म्हणाल्या होत्या. नवऱ्याच्या तोंडचं एकही वाक्य सापडेना.

सापडलं ते भलतंच. लग्नाला महिना झाला नव्हता. पाहुणे जमले होते आणि कुणीतरी विचारलं, जावईबापू, काय असतं हो तिकडं काम? महिपतराव सांगायला लागले, "दगड फोडतो, रस्ता करतो..." तेवढ्यात विमलाबाईंनीच चहाचा ट्रे मध्ये घातला होता आणि नंतर आत नेऊन बजावलं होतं, "असं चारचौघांत नका बोलू. लोक काय म्हणतील." त्यानंतर त्या माणसानं कुणाला काही सांगितलं नव्हतं. सगळ्या जगाची जुडी सोडून बघणाऱ्या बाईनं ही एक जुडी कधी सोडली नव्हती. आत काय असेल, याची त्यांना तेव्हाच धास्ती होती.

त्या खाली फरशीवर बसल्या. म्हणाल्या, "आणि ती दिदी कोण?"

"लेबर कॅम्पात जेवण करायची. दरड आली तेव्हा तिचा नवरा आणि आमचा डोझरवाला, दोघं खाली सापडले. दिवसभर उकरत होतो मी. नवऱ्याला जिवंत काढता आलं नाही. तेव्हापासून मला भाऊ म्हणते. तिच्याशी बोलताना बरं वाटतं. तिला माहीत असतं मी कोण ते."

विमलाबाईंना रडू आलं. लाजेचं होतं, मायेचंही होतं, आणि थोडं त्या दिदीच्या हेव्याचंही होतं. नवऱ्याचं जे आपल्याला ठाऊक असायला हवं होतं ते तिकडच्या एका बाईला ठाऊक होतं, हे सवतीपेक्षा कमी नव्हतं.

"पप्पा, तुम्ही मला का नाही सांगितलं?" ऐश्वर्यानं विचारलं.

"तू शाळेत सगळ्यांना सांगायचीस ना, माझे पप्पा मेजर आहेत म्हणून. वाटलं, पोरगी म्हणेल बाप खोटा."

 ऐश्वर्यानं त्यांच्या पायाशी बसून बुटांच्या नाड्या सोडल्या. फॉरेन्सिकची जागा गेलीच. पुढं ॲडमिशनच्या शेवटच्या दिवशी तिनं साध्या बीएस्सीला नाव घातलं आणि घरी येऊन उशीत तोंड खुपसून पडली. ते दुःख कुणाला खोडून काढता आलं नाही, आणि कुणी तसा प्रयत्नही केला नाही.

दोघी ठाण्याहून आल्या त्याच दिवशी संध्याकाळी काळुराम दारात आले. शेजारच्या दोन बायका पाण्याची भांडी घेऊन तिथंच रेंगाळल्या. ठाण्याची वार्ता त्यांच्याही कानावर असणार.

"काय गो वैनी, ठान्याला गेलतंव ना? मेजरचं काम झायलं का?"

महिपतराव कॉटवरून उठले. ते काय बोलणार, हे विमलाबाईंना दिसत होतं. ते सगळा दोष स्वतःच्या अंगावर घेणार होते. आणि सगळं झाकायची वाटही विमलाबाईंच्या जिभेवर तयार होती. एक कागद कमी पडला, साहेब रजेवर होते, सरकारी कारभार, तुम्हाला माहितीच आहे. चाळीनं विश्वास ठेवला असता. विमलाबाई फसत नाहीत, हे तर सगळ्यांना मान्यच होतं. लेक दाराआडून त्यांच्याकडं बघत होती.

विमलाबाईंनी पदर खोचला.

"नाही झालं, काळुरामशेठ. हे मेजर नाहीत. मिलिटरीतही नव्हते. तिकडं बर्फात रस्ते बांधायचे, दगड फोडायचे. यांनी लग्न झालं तेव्हाच सांगायला घेतलं होतं. मीच सांगू दिलं नाही. मेजर मी केलं होतं."

बायकांची भांडी हातातच राहिली. काळुरामांनी टोपी काढून डोकं खाजवलं. चिडावं की हसावं, हे त्यांना ठरवता येईना.

"अरं बापरे. मंग आता यांना आमी बोलवाचं तरी काय?"

कुणी काही बोलायच्या आत महिपतराव पुढं आले.

"महिपत म्हणा," ते म्हणाले. "आईनं तेच ठेवलंय." आणि काळुरामांना बसायला खुर्ची देऊन, कुणी विचारलं नसताना, बर्फात रस्ता कसा करतात ते सांगायला लागले.