चीजचा ब्रेड अळणी निघाला

मैत्रिणींनो, आज फजिती झाली, तरी मी खूश आहे.

संध्याकाळी आपलं वाचनमंडळ पहिल्यांदाच माझ्याकडे जमणार, म्हणून सकाळी द्राक्षं आणि चीज घालून ब्रेड केला. यीस्ट नाही, मळणं नाही. पीठ कालवायचं आणि ओव्हनमध्ये ठेवायचं. दिंडोरीची काळी द्राक्षं वर छान फुटून आली.

शेजारच्या शबानाभाभींना पहिला तुकडा दिला. त्या म्हणाल्या, "ताई, द्राक्षं लाजवाब! पण चीज काय नुसतं दाखवून परत फ्रीजमध्ये ठेवलं?"

मी चाखून पाहिला. खरंच अळणी! पाककृतीच्या पुस्तकात वाटीभर चीज आणि अर्धा चमचा मीठ लिहिलं होतं. दोनदा वाचूनही मी चीज दोनच चमचे घातलं होतं आणि मीठ अजिबात नाही.

ह्यांना बीपी होतं. बारा वर्षं घरात मीठ आणि खारट चीज जपून वापरलं. हे जाऊन तीन वर्षं झाली, पण माझ्या हाताला ते कोणी सांगितलंच नाही.

मग दुसरा ब्रेड केला, पुस्तकात होता तसाच. भाभी म्हणाल्या, "अब आया ना मजा!" संध्याकाळी तुम्हाला तोच मिळेल, निर्धास्त या.

पहिला मात्र मी ठेवून घेतलाय. उद्या चहाबरोबर खाईन. ह्यांना तोच आवडला असता.

तुमचा हात अजून कोणाच्या चवीचा स्वयंपाक करतो?