शेवटच्या पानावरचं अस्वल

चामोर्शीच्या आठवडी बाजारात एका बाजूला मिरचीची पोती आणि दुसऱ्या बाजूला रोशनीची बांगड्यांची हातगाडी, या दोहोंच्या मधे खुशालभाऊ मेश्राम पुस्तकं मांडून बसतात. जागा काही फार बरी नाही. मिरचीवाल्यानं पोतं हलवलं की पुस्तक चाळणारं गिऱ्हाईक आधी शिंकतं आणि मग पुस्तक ठेवून चालतं होतं. पण भाऊंना घाई नसते. सगळी नोकरी एसटीत कंडक्टर म्हणून झाली, खड्ड्यांच्या रस्त्यावर उभं राहून तिकिटं फाडली. आता बसायला मिळतंय हेच त्यांना पुष्कळ वाटतं.

निवृत्त झाल्यावर लोक शेतीत लक्ष घालतात, नाहीतर बायकोच्या स्वयंपाकात. यांनी एक ताडपत्री घेतली आणि लोककथांची पुस्तकं विकायला काढली. फक्त लोककथा. पोलीस भरतीची पुस्तकं ठेवा, हातोहात जातील, असं सगळ्यांनी सांगून पाहिलं. भाऊंनी मान डोलावली आणि ऐकलं कोणाचंच नाही. मांडणीत मात्र एसटी सुटली नाही. बारक्या गोष्टींची पुस्तकं पुढे, कारण त्यांना लवकर उतरायचं. जाडजूड पुस्तकं मागे, लांब पल्ल्याची म्हणून.

आता एवढ्यानं धंदा बुडत नाही. धंदा बुडायचा तो भाऊंच्या खोडीनं. ते प्रत्येक पुस्तक मागून उघडायचे. नवं पुस्तक हाती आलं की शेवटचं पान, मग प्रत्येक गोष्टीचा शेवट, आणि मग एक सुस्कारा सोडून पुस्तक ताडपत्रीवर. त्यामुळे शेकडो गोष्टींचे शेवट त्यांना तोंडपाठ होते आणि सुरुवात एकीचीही नाही. एखाद्या बाईनं विचारलं, "भाऊ, हे कायचं पुस्तक होय?" की ते प्रामाणिकपणे सांगायचे, "शेवटी राक्षस मरते अन् राणी घरी येते." बाई म्हणायची, "मंग झालं की समदं," आणि मिरची घ्यायला वळायची.

त्या दिवशी मोहफुलं गळण्याच्या दिवसांतलं ऊन होतं. पार्सलमधून आलेल्या एका नव्या पुस्तकाच्या मुखपृष्ठावर चक्क अस्वल होतं. भाऊंनी ते झटकन उचललं. त्यांनी ते मागून उघडलं, एकेक शेवट वाचला, आणि मिटवलं. त्यांचा चेहरा इतका उतरला की रोशनीनं हातातला चुड्यांचा डबा खाली ठेवला. सात-आठ वर्षं ती त्यांच्या शेजारी गाडी लावत होती, पण विचारण्याचा धीर आजच झाला.

"खुशालभाऊ, तुमी पुस्तक मांगून काऊन उघडता?"

"एका गोष्टीचा शेवट पायजे मले," भाऊ म्हणाले. "आईची गोष्ट होय. सांगू?"

रोशनीनं दोन्ही हात कानांवर ठेवले. इकडच्या भागात दिवसा गोष्ट सांगत नाहीत. सांगितली तर ऐकणाऱ्याचा मामा वाट चुकतो, हे पाळण्यातल्या पोरालाही ठाऊक असतं.

"आज नोको भाऊ. माहा मामा आजच अहेरीकडून आईकडे गडचिरोलीले जाऊन राह्यला."

भाऊंना हसू आलं. बाबासाहेबांचा फोटो घरात लावलेला माणूस असल्या गोष्टी मानत नव्हता, आणि कंडक्टर म्हणून तर मुळीच नाही. "माह्या गाडीतून कोणाचा मामा चुकला नाई आजवर," ते म्हणाले. "मामा चुकते ते कंडक्टर झोपते म्हणून." आणि त्यांनी भरदुपारी गोष्ट सुरू केली.

एक म्हातारी होती. पहाटे जंगलात मोहफुलं वेचायला जायची. त्याच झाडाखाली एक अस्वलही यायचं. भांडण नको म्हणून दोघांनी ठरवलं, अर्धी तुझी, अर्धी माझी. रोज असं चालायचं. हंगाम सरत आला, फुलं कमी होत गेली, आणि एका पहाटे झाडाखाली एकच फूल पडलेलं होतं. म्हातारी अस्वलाकडे बघते, अस्वल म्हातारीकडे.

"मंग?" कानांवरचे हात केव्हाच खाली आले होते.

"इथीच आई थांबे. म्हणे, फूल कोणाले? मी वाट पाहो, आता सांगन, मंग सांगन. अन् वाट पाहता पाहता झोप लागे."

गिरजाबाई, म्हणजे भाऊंची आई, स्वतः मोहफुलं वेचायला जायची. अंधारात निघायची, टोपली भरून यायची, आणि त्या टोपलीवर पोराचं शिक्षण झालं. दिवसभर राबून रात्री ती तीच एक गोष्ट सांगायची. पुढे नोकरी लागली, मुक्कामाच्या गाड्या सुरू झाल्या, रात्री तिच्याजवळ बसणं राहूनच गेलं. मिशा आल्यावर एकदा भाऊंनी लाजत लाजत विचारलंही होतं, अस्वलाचं काय झालं. तेव्हा ती हसून म्हणाली, "तूच सांग ना बापू." आई शेवट विसरली आणि आता टोलवते आहे, असं त्यांना वाटलं. मग ती गेली. तेव्हापासून ते शेवट शोधत होते. छापलेला कुठेतरी असेलच, या एका आशेवर ही सगळी ताडपत्री उभी होती.

उन्हं कलली तसा रोशनीच्या आईचा फोन आला. मामा अजून पोचला नाही. रोशनीनं फोन ठेवला आणि भाऊंकडे असं पाहिलं की भाऊंनी निमूटपणे पुस्तकं सारखी करायला घेतली. विश्वास नव्हता तो नव्हताच, पण डोळे सारखे स्टँडच्या रस्त्याकडे वळत होते.

तेवढ्यात मिरचीच्या पोत्यांआडून जोरदार शिंक आली, आणि तिच्यामागून खांद्यावर पिशवी घेतलेला एक म्हातारा.

"मामा!" रोशनी ओरडली. "तू इथी कसा?"

"हे गडचिरोली नोहे का?" लटारूमामांनी शांतपणे विचारलं. "मघापासून तुह्या मायचं घर पाहून राह्यलो."

भाऊंचा कंडक्टरी अभिमान उफाळून आला. "कंडक्टरनं उठवलं नाई का तुमाले?"

"उठवलं ना. बाजूच्याले उठवलं, उठलो मी."

रोशनीनं आईला फोन लावला, मामांना चहा दिला आणि सगळा दोष अस्वलावर आणि भाऊंवर टाकला. मामांना चुकल्याचं दुःख नव्हतं, त्यांना गोष्ट ऐकायची होती. एकदा हरवलेला मामा आणखी काय हरवणार, असा विचार करून भाऊंनी ती पुन्हा सांगितली. फुलापाशी येऊन थांबले. मामाही थांबले. चहा संपला तरी थांबलेच.

"बोला ना," शेवटी मामा म्हणाले.

"मीच? पुढचं तं मले माहीत नाई."

"पुढं नसतेच काई, भाऊ. आमच्या नदीकाठी हे गोष्ट अशीच सांगतेत. सांगणारीनं फुलापाशी सोडाची, अन् ऐकणाऱ्यानं सांगाचं, फूल कोणाले. तो सांगन तोच शेवट. तुमची माय काय म्हणे?"

"फूल कोणाले, म्हणे." भाऊ म्हणाले. "अन् मी विचारलं तं म्हणे, तूच सांग."

"मंग? ते तुमाले विचारत होती ना."

खुशालभाऊंनी जन्मभर बसमधल्या प्रत्येकाला विचारलं होतं, कुठं जायचं, आणि उत्तर मिळेपर्यंत पुढे सरकले नव्हते. त्यांना मात्र कोणीतरी रोज रात्री विचारत होतं, त्यांच्याच उत्तराची वाट बघत बसत होतं, आणि ते झोपून जात होते. त्यांना फार वाईट वाटलं. भर बाजारात डोळे भरून आले, आणि या खेपेला मिरचीवाल्यानं पोतं हलवलेलं नव्हतं.

मामांनी घाई केली नाही. रोशनीनंही एक गिऱ्हाईक हातानंच थांबवून धरलं.

"अस्वलाले देजो म्हणावं," भाऊ हळूच म्हणाले. "भुकेलं असन ते. अन् तू घरीच राह्य, आई. उद्या पहाटे मी जातो वेचाले."

"झाली गोष्ट," मामा म्हणाले. "चांगली झाली."

संध्याकाळी भाऊ स्वतः मामांना घेऊन स्टँडवर गेले, खिडकीजवळ बसवलं आणि कंडक्टरला तीन वेळा सांगितलं की यांना गडचिरोलीलाच उतरवा, आणि यांनाच उठवा. परत आले तेव्हा उजेड थोडा बाकी होता. त्यांनी अस्वलाचं पुस्तक उचललं, सवयीनं मागून उघडलं, मग पालथं घालून पहिल्या पानावर आणलं आणि मोठ्यानं वाचू लागले. मिरचीवाला सरकून जवळ आला. दिवस मावळला नव्हता, पण रोशनीनं कानांवर हात ठेवले नाहीत. तिला तेवढा एकच मामा होता, आणि तो आता नीट गाडीत बसून गडचिरोलीकडे निघाला होता.