"दिवाणी मॅटर आहे, मावशी"

शिरूरला वर्गावर असताना फोन आला. आतेबहीण नंदा इतकंच म्हणाली, "दादा, आई गेली... सकाळी चहा घेतला आन् बसल्या जागी." भांडगावला आत्याच्या घरी पोचेपर्यंत माझ्या डोळ्यांत पाणी आलं नाही. तोंडात नुसती कडू चव होती. आज काही आठवडे उलटले, ती चव अजून गेलेली नाही.

हिराआत्या तरुणपणीच विधवा झाली. हायवेलगतच्या रानात शेवंती आणि झेंडू लावून तिनं एकटीनं नंदाला वाढवलं. बोलणं खणखणीत, हसणं त्याहून. मी सुट्टीत गेलो की हातात खुरपं द्यायची आणि म्हणायची, "मास्तर, हितं फळा न्हाई, वाकावं लागतंय." मग हायवेकडेच्या जमिनींना भाव आला. चुलत दिरानं त्याचा हिस्सा एका प्लॉटिंगवाल्याला विकला आणि त्या माणसानं आत्याच्या रानातही खांब रोवले. आम्ही दोघं पोलीस ठाण्यात गेलो. साहेबांनी मोबाइलवरची नजर न काढता सांगितलं, "दिवाणी मॅटर आहे, मावशी. यात पोलीस पडत नाहीत. कोर्टात जा." आत्या दौंडच्या कोर्टात गेली. तारखांवर तारखा पडल्या, पण शेवटी मनाई हुकूम मिळाला. तो घेऊन आम्ही पुन्हा ठाण्यात. साहेब म्हणाले, "हुकूम ठीक आहे हो. पण पोलिसांनी बंदोबस्त द्यावा, असं कुठं लिहिलंय यात?"

आणि मग ऐन तोडणीत जेसीबी आला, मागोमाग पोलिसांची जीप. म्हणजे बंदोबस्त मिळत होता; फक्त आम्हाला मिळत नव्हता. आत्या तो हुकूम छातीशी धरून जेसीबीपुढं उभी राहिली. "साहेब, दिवाणी हाय नव्हं? मग तुमची गाडी हितं कशाला आली?" साहेब हसले. हो, हसले... मी शेजारीच उभा होतो. "शांतता राहावी म्हणून," म्हणाले. दोन महिला शिपायांनी आत्याला दंडाला धरून जीपमध्ये घातलं आणि फुलांनी भरलेलं रान तिच्या डोळ्यांदेखत सपाट झालं. वर गुन्हा तिच्यावरच, सरकारी कामात अडथळा आणल्याचा. ठाण्यात प्लॉटिंगवाल्यासाठी खुर्ची आली, चहा आला. आत्यानं पाणी मागितलं, तेव्हा एकानं बोटानं बाहेरचा नळ दाखवला.

हुकूम मोडल्याचा अर्ज आम्ही कोर्टात दिला. त्याची सुनावणी व्हायच्या आतच ती गेली.

दशक्रियेच्या दिवशी घाटावरून परतलो तर दारात हवालदार. त्या अडथळ्याच्या गुन्ह्यातलं आत्याच्या नावचं समन्स घेऊन आला होता. ती गेल्याचं सांगितल्यावर तो वैतागला. "मग मृत्यूचा दाखला आणून द्या ठाण्यात. आम्ही किती हेलपाटे मारायचे?" पंगत बसतच होती. तोही बसला. नंदानं त्याला वाढलं, त्यानं भात दुसऱ्यांदा मागून घेतला. मी पानावरून उठून आत गेलो.

घराचं मागचं दार रानाकडं उघडतं. आता तिथं हातभर अंतरावर प्लॉटिंगचा निळा पत्रा उभा आहे. वारा येत नाही, उजेड येत नाही, उन्हात पत्र्याची धग तेवढी आत येते. तरी दार सताड उघडं होतं. मी ते लावायला गेलो, तर नंदा मागून म्हणाली, "ऱ्हाऊ द्या, दादा. आई रोज सकाळी उघडायची. म्हणायची, लावून घेतलं तर त्यांचंच खरं म्हणल्यासारखं व्हईल."