बारावीची अट आणि माझा जुना अर्ज

सोयगावजवळच्या आमच्या गावात मी अकरा वर्षं अंगणवाडीत मदतनीस होते. खिचडी शिजवायची, घरोघरून पोरं गोळा करायची आणि सेविकाबाई रजेवर असल्या की शिकवायचंही मीच. बाई निवृत्त झाल्या तेव्हा त्यांच्या जागेसाठी मी मुदतीत अर्ज केला. अट दहावी पासची होती, ती मी पूर्ण करत होते. आठ महिने कागद हलला नाही. मग एका ओळीचं पत्र आलं: नवीन नियमानुसार सेविका बारावी पास हवी, सबब अर्ज नामंजूर.

रडू आलं नाही, राग मात्र लई आला. दुसऱ्या दिवशी एसटीनं शहरात, पुंडलिकनगरला भावाकडं गेले. त्याच्या शेजारी तहसीलमधून निवृत्त झालेले एक चाचा राहायचे. त्यांनी पत्र दोनदा वाचलं.

"बेटा, अर्ज दिला म्हणजे जागा तुझी झाली असं नसतं. सरकार नियम बदलू शकतं. पण पडून असलेल्या अर्जांचं काय करायचं, ते बहुतेक नव्या आदेशातच लिहिलेलं असतं. आदेश पाहिला का?"

"नाय. कुणी दाखवलाच नाय."

भावानं तो मोबाईलवर शोधून छापून आणला. चौदा पानं. ओळीखाली बोट ठेवून वाचत गेले. तेराव्या पानावर सापडलं: ज्या जागांसाठी अर्जाची मुदत या आदेशाआधीच संपली, तिथली निवड जुन्या अटींनुसार पूर्ण करावी.

चाचांनी अपील लिहून दिलं. ते आणि छापलेला आदेश घेऊन मी जिल्ह्याच्या कार्यालयात साहेबांपुढं उभी राहिले.

"बाई, नियम बदललाय आता."

"व्हय साहेब, बदललाय. तेरावं पान बघा."

त्यांनी पाहिलं, मान हलवली. "अर्ज ठेवून जा."

"ठेवते. पोच द्या."

दोन महिन्यांनी माझ्या नेमणुकीचा आदेश आला.

शेजारच्या गावची मदतनीस पेढे घ्यायला आली. तीही दहावीच. तिच्या अंगणवाडीतली सेविकेची जागा नुकतीच रिकामी झाली होती. "माझं बी असंच व्हईल ना गं?"

हो म्हणणं सोपं होतं. "नाय व्हणार," मी म्हणाले. "तुझी जाहिरात नियमानंतर निघाली."

 तिच्या हातातला पेढा तसाच राहिला. मग मीच बाहेरून बारावीला बसायचे सतरा नंबरचे दोन फॉर्म भरले, एक तिचा, एक माझा. मला बारावीची गरज नव्हती, पण तिला एकटीला परीक्षेला बसवणं पटेना. पोरं घरी गेली की अंगणवाडीतच अभ्यास करायचो. अर्थशास्त्र तिला चटकन कळायचं, मला तीच समजावून सांगायची.

निकालात तिला माझ्यापेक्षा जास्त गुण पडले. तिच्या गावची जागा तोवर दुसरीला गेली होती. आता तिच्याच गावच्या पलीकडच्या वस्तीवर नवी अंगणवाडी मंजूर झाली आहे आणि तिथं तिनं अर्ज केला आहे.