फ्रिजमागचा प्रॉम्प्टर

बायको गेली तेव्हा मी गॅरेजमध्ये रिसायकलिंगचा डबा लावत होतो. वर येईस्तोवर सगळं आटपलेलं होतं. लोक भेटायला आले, पुलाव घेऊन आले, आणि प्रत्येकाने सांगितलं, काका, त्यांना त्रास झाला नाही हेच बरं. मी म्हणायचो, तिला नसेल झाला, मला होतोय. मग लोक यायचे थांबले. पुलावही थांबला.

मुलगा दिवसभर वरच्या खोलीत दार लावून मीटिंगमध्ये. अमेरिकेत अ‍ॅशबर्नला आमच्या घरामागे बिनखिडक्यांच्या लांबलचक इमारती आहेत, त्यांत म्हणे सगळ्या जगाचा डेटा ठेवलाय. एवढ्या मोठ्या गोदामात माणूस म्हणून दिसत नाही. मी खिडकीत बसून तेच बघायचो. शेवटी सुनेने माझं नाव सिनियर सेंटरमध्ये घातलं. तिथे खुर्चीत बसून योगासनं करतात. एक गोरी पोरगी हात जोडून नमस्ते म्हणायची आणि आम्ही म्हातारे बसल्या जागी झाड व्हायचो.

असंच एकदा झाड झालेलो असताना शेजारचा धिप्पाड म्हातारा माझ्याकडे वाकून म्हणाला की ही मुलगी उजेडाला पाठ करून उभी राहते, तिचा चेहरा मेलेला दिसतो. मी त्याच्याकडे बघितलं. हे बोलणं योगासनाच्या माणसाचं नव्हतं. मी विचारलं, "थिएटर?"

"आयुष्यभर. तू?"

"प्रॉम्प्टर."

त्याने झाड मोडलं आणि खुर्ची माझ्याकडे सरकवली.

मी सातवी नापास. नाटक कंपनीत सेट ठोकायला लागलो, पण वाचायला बरं यायचं म्हणून मॅनेजरने विंगेत वही देऊन उभं केलं. नट अडकला की पुढचा शब्द पुरवायचा. तो पहिल्या रांगेत ऐकू गेला तर मॅनेजर शिव्या घालणार, नटाला ऐकू नाही गेला तर नट. बायको म्हणायची, "जगाला वाक्यं पुरवता, घरात मात्र तोंडाला कुलूप." खरं होतं. मी त्यावरही काही बोललो नव्हतो.

तर हा म्हातारा दक्षिण आफ्रिकेचा. भाषा आफ्रिकान्स. ती बोलताना इतके ख येतात की आधी मला वाटलं याला कफ झालाय. त्याचं इंग्रजी जाड, माझं मोडकं, पण आमचं जमलं. त्याचा जन्म मेंढरांच्या शेतावरचा. बाप देवभोळा, नाटक म्हणजे पाप मानणारा. हा घरातून पळाला तो फिरत्या नाटक कंपनीत शिरला. आमच्यासारखीच गत. एका ट्रकमध्ये सेट, नट, इस्त्री आणि भांडणं. गावोगावच्या चर्चच्या हॉलमध्ये प्रयोग. आधी भालदार, मग नोकर, मग मेलेल्या राजाचा भाऊ, मग एकदा नायकाला कावीळ झाली आणि हा नायक. पुढे नाटकं बसवायला लागला. त्यांच्याकडे टीव्ही फार उशिरा आला, सरकारला टीव्हीची भीती. आला तेव्हा कॅमेरा कुठे ठेवायचा हे कोणालाच ठाऊक नव्हतं, म्हणून याने ठामपणे सांगितलं की मला ठाऊक आहे, आणि डायरेक्टर झाला. मालिका केल्या. एका मालिकेत स्वतःच लबाड डॉक्टर झाला, तर बेकरीतली बाई त्याला पाव देईना. हे सांगताना त्याची छाती अजून फुगायची.

मी एकदा विचारलं, "तुझ्या त्या चर्चच्या हॉलमध्ये मी येऊन बसलो असतो तर?"

"दारातून आत सोडलं नसतं तुला. ते हॉल फक्त आम्हा गोऱ्यांचे."

"मग तू काय केलंस?"

"विनोदी नाटकं बसवली," तो म्हणाला. "लोक खूप हसायचे."

मी त्याला माफ वगैरे केलं नाही, तो माझा हुद्दा नाही. पण आमच्या ट्रकमध्येही एका हमालाचा कप वेगळा खिळ्याला टांगलेला असायचा, आणि मी तो रोज बघून विंगेत जायचो. हे मी त्याला सांगितलं.

मग एके दिवशी त्याने मला तीच बेकरीची गोष्ट सांगितली, आणि दहा मिनिटांनी पुन्हा सांगितली. दुसऱ्या वेळी बेकरीचा खाटीकखाना झाला होता. मी बघत राहिलो. त्याला माझ्या तोंडावरून कळलं. म्हणाला, हो, चाललंय डोकं. मुलीने आठवण गेलेल्यांचं एक होम बघितलंय, दोन राज्यं पलीकडे. तोही कबूल झाला होता. फक्त एक अट घातली होती. सेंटरच्या वार्षिक कार्यक्रमात त्याला पंधरा मिनिटांचा एकपात्री करायचा होता, त्याचा स्वतःचा जुना, आफ्रिकान्समध्ये. न अडखळता. त्यानंतर कुठेही ने म्हणाला.

मला हसू आलं. मी म्हणालो, "अरे, इथे तुझी भाषा येते कोणाला? विसरलास तर काहीही बडबड. टाळ्या पडतील."

"माझ्या मुलीला येते," तो म्हणाला. "त्या हॉलमध्ये ती एकटीच माझा प्रेक्षक आहे."

आणि उठून गेला. आठवडाभर माझ्याशी बोलला नाही. झाड करायलाही लांब बसला. मी जन्मात कोणाची माफी मागितलेली नाही, बायकोचीसुद्धा नाही, ते आता भोगतोय. म्हणून माफी न मागता मी दोनशे पानी वही घेऊन त्याच्यासमोर बसलो आणि म्हणालो, बोल, लिहून घेतो.

त्याची संहिता टाइप केलेली होती, पण ती अक्षरं वाचून मला ते उच्चार जमेनात. म्हणून तो एकेक वाक्य म्हणायचा आणि मी कानाला येईल तसं देवनागरीत उतरवायचो. ओळीखाली त्याचा अर्थ. पंधरा मिनिटांच्या नाटकाला तीन आठवडे लागले. मुलगा वही बघून म्हणाला, "बाबा, हे काय, मंत्र आहेत का?" मी म्हणालो, हो, गाढवाचे.

कारण गोष्ट गाढवाची होती. एका शेतकऱ्याचं गाढव मेलंय आणि तो पाद्रीबाबाकडे आलाय, की माझ्या गाढवासाठी चर्चची घंटा वाजवा. पाद्री रंगमंचावर दिसत नाही. शेतकरी त्याला मेनीर, म्हणजे साहेब, म्हणत पटवत राहतो. गाढव दर रविवारी चर्चबाहेर उभं राहायचं, मेनीर, तुमचं प्रवचन आतल्या माणसांपेक्षा जास्त त्यानेच ऐकलंय, आतले झोपायचे. असा सगळा चावटपणा. मग पाद्री विचारतो, लोक काय म्हणतील? इथे शेतकरी बराच वेळ गप्प राहतो. वहीत मी लिहिलं, 'थांबतो'. आणि मग त्याचं वाक्य: लोकांचं मला माहीत नाही, मेनीर. पण मी घरी पोचलो की आता कोणी ओरडत नाही.

हे लिहून मी पेन खाली ठेवलं. आमच्या घरात दार उघडलं की आतून आरडाओरडा सुरू व्हायचा. चपला कुठे काढल्यात, दूध आणलं का, किती वेळा सांगायचं. बायकोची बरोबरी गाढवाशी केली म्हणून कोणाला राग आला तर येवो. तिला आला नसता. ती म्हणाली असती, गाढव कोण ते सगळ्यांना माहीत आहे.

म्हातारा तालमीत रोज नव्या जागी विसरायचा. काल पाठ असलेलं आज सपाट. मी शब्द दिला की पुढे धावायचा, आणि मग स्वतःवरच दात-ओठ खायचा. त्याचा निघायचा दिवस मुलीने ठरवला होता, कार्यक्रमानंतरचा रविवार.

कार्यक्रम दुपारी होता. सेंटरच्या हॉलला विंग नाही. कोपऱ्यात एक मोठा फ्रिज आहे, त्याच्या मागे, कडेने सगळा हॉल दिसेल अशी, मला खुर्ची दिली. आधी एका बाईंनी गिटार वाजवली, ती आम्ही सहन केली. मग हा उभा राहिला, टोपी हातात धरून. आणि काय सांगू, तो योगासनातला लठ्ठ म्हातारा नव्हताच तिथे. गुडघे जरा वाकवून, मान खाली घालून, नुसती टोपी फिरवत त्याने हॉलमध्ये चर्च उभं केलं. भाषा कोणाला कळत नव्हती तरी लोक हसायला लागले. त्याची मुलगी दुसऱ्या रांगेत होती. उंच, बापाचंच नाक. ती हसत नव्हती, तिचे ओठ बापाबरोबर हलत होते. तिला सगळं पाठ होतं.

लोक काय म्हणतील, तिथपर्यंत एकदाही अडकला नाही. मग थांबला. वहीतही थांबतोच लिहिलेलं. मी वाट बघितली. तालमीत थांबायचा त्याच्या दुप्पट झालं. तिप्पट झालं. कोणीतरी खोकलं. मुलीने डोळे मिटून घेतले. म्हटलं गेला हा, आणि मी वाक्य दिलं. पण कितीतरी वर्षांत शब्द पुरवला नव्हता, आवाजाचा अंदाज चुकला. माझं आफ्रिकान्स हॉलभर घुमलं.

तो गेला नव्हता. तो थांबलेला होता.

हळूच वळून त्याने फ्रिजकडे बघितलं. टोपी छातीशी धरली आणि मोठ्या अदबीने काहीतरी बोलला. ते वहीत नव्हतं. मुलीच्या तोंडून खिंकाळल्यासारखं हसू बाहेर पडलं. तिनेच नंतर अर्थ सांगितला: अहो मेनीर, तुम्ही फ्रिजमागे काय करताय, तुम्हाला पण कोणी घरी ओरडत नाही का?

मग मात्र तो खरंच विसरला. माझ्या घोटाळ्याने त्याचा धागा तुटला. पण आता त्याच्याकडे पाद्री होता. "मेनीर?" असं म्हणून तो फ्रिजकडे कान करायचा, मी वाक्य वाचायचो, तो मान डोलवून तेच मोठ्याने म्हणायचा, जसं काही पाद्रीचा सल्ला मानतोय. लोकांना वाटलं हे असंच बसवलंय. पुन्हा "मेनीर?" आणि पुन्हा हशा. शेवटी पाद्री घंटा वाजवायला तयार होतो, तिथे त्याने मला हात धरून फ्रिजमागून ओढून काढलं आणि लोकांपुढे उभं केलं. वही हातात, चष्मा नाकावर. जन्मात मी पहिल्यांदा पडद्याच्या या बाजूला आलो.

लोक केक खायला गेल्यावर मुलगी माझ्याकडे आली. त्यांच्यात वडीलधाऱ्याला ओम म्हणतात, म्हणजे आपलं काका. म्हणाली, "ओम, मूळ नाटकात पाद्री बोलत नाही. बाबा किती वेळा विसरले? चार?"

"पाच."

तिने डोळे पुसले. म्हणाली, त्यांना सांगू नका मला कळलं म्हणून. रविवारी सुखाने निघू द्या. मी वही काखेत मारली आणि दाराकडे निघालो.

म्हातारा कोट घालून दाराशी बसला होता. मला बघितल्याबरोबर विचारलं, "तिला कळलं?"

सगळ्या नटांना मी पुढचं वाक्य दिलं, मला द्यायला फ्रिजमागे कोणी नव्हतं. मी म्हणालो, "कळलं. पाच वेळा."

त्याने एक लांब शिवी घातली, भरपूर ख असलेली. जमिनीकडे बघत राहिला. मी स्वतःलाच म्हटलं, म्हाताऱ्या, तुझी जीभ झडो, जाता जाता या माणसाचं सगळं मातीत घातलंस. मग त्याने मान वर केली.

"हसली कुठे?"

मी सांगितलं. फ्रिजमागे काय करताय, तिथे. प्रवचनाच्या वेळी थोडी. घंटेला सगळ्यात जास्त.

"आणि कोणी ओरडत नाही, त्याला?"

"तिथे नाही हसली. मी बोललो तेव्हा नाही आणि नंतर तू पुन्हा म्हणालास तेव्हाही नाही. तोंडावर हात धरून बसली होती."

त्याने मान हलवली. खूप वेळ हलवतच राहिला, डायरेक्टरचं समाधान झाल्यावर हलवतात तशी. मग बोट माझ्या छातीवर आपटून म्हणाला की तू फार लवकर बोललास, अजून तीन श्वास थांबायला हवं होतंस.

मी म्हणालो, आमच्या तालुक्याच्या गावी नट इतका वेळ गप्प राहिला तर लोक चपला घालून घरी जातात.

"पुढच्या प्रयोगाला थांब," तो म्हणाला.

मी थांबतो म्हणालो.