न झालेला गोल

काल टीव्हीवर रेश्माची मॅच पाहिली. रेश्मा माझी धाकटी बहीण, एका व्यावसायिक संघात डिफेंडर आहे. समोरची मुलगी बॉल घेऊन सुसाट आली. रेश्माने घसरत जाऊन तो काढून घेतला आणि काहीच न घडल्यासारखी उठून पळू लागली.

मला कोल्हापुरातलं आमच्या शाळेचं मैदान आठवलं. तिथे मी गोलकीपर होते. रेश्माला गोल करायचे होते, पण सर म्हणाले, "मागे कुणी नाही, तू थांब."

ती रडवेली झाली. "ताई, न झालेला गोल कुणाच्या लक्षात राहतो?"

"माझ्या राहील," मी म्हटलं. "तू समोर असलीस की मला भीती वाटत नाही."

ती थांबली. बारावीनंतर माझं लग्न झालं आणि खेळ सुटला. तिचा मी सुटू दिला नाही. टळलेल्या गोष्टी खरंच कुणाला आठवत नाहीत. मैदानातही नाही, घरातही नाही.

मॅचनंतर तिला फोन केला. "छान खेळलीस."

ती म्हणाली, "ताई, इतक्या गोलकीपर झाल्या, पण मागून तुझ्यासारखा आवाज कुणी देत नाही."